गाठीतला रवा

आष्टीत कुणालाही विचारा, धुळाजीच्या घोंगडीला पाणी लावायचं नाही हे शेंबडं पोरगंही सांगेल. धनगराची घोंगडी ती, तिच्यात वेळ अडकते. माणूस पांघरून निवांत बसला की त्या बसण्याची वेळ लोकरीत उतरते आणि पुढं उन्हात झटकली की तिचे कण गळतात, लापशीच्या रव्यासारखे. गावात त्याला वेळेचा रवाच म्हणतात. चिमूटभर कपाळी लावला की सरत आलेली घडी तेवढ्यापुरती थांबते. मात्र एकदा बाहेर काढलेला रवा परत ठेवता येत नाही, मातीत सांडताही येत नाही. कुणाला ना कुणाला तो लावावाच लागतो.

दूध नासायला लागलं, टाका चिमूट. शेळी अडली आणि डॉक्टर अजून परतूरलाच आहे, लावा चिमूट. दुधाला, शेळीला काही कळत नाही, पण माणूस त्या रव्यातली वेळ जगतो. सर्जेरावाला साप चावला तेव्हा दवाखाना येईपर्यंत तो धुळाजीच्या कुठल्याशा दुपारी लिंबाखाली बसून मेंढरं हाकत होता! धुळाजीनं कधी कुणाला नाही म्हटलं नाही. त्याची बायको आसराबाई चिडायची, "वाटा, वाटा! आपल्याला काय ठिवणार, माती?"

आणि आता आसराबाईच खाटेवर पडली होती. डॉक्टरनं सकाळीच हात टेकले. तिचा सगळा जीव अंगदात, एकुलत्या एक लेकात, अडकला होता. तो ट्रकवर होता. त्याचा फोन आला, "बा, शहागडच्या पुलावर अडकून राह्यलो. पुढं गाड्या आडव्या झाल्यात. कसंबी करा, पण आईला थांबवा."

सून मोनिका घोंगडी घेऊन अंगणात धावली. चादर अंथरून तिनं ती पुन्हा पुन्हा झटकली. कुसळं पडली, धूळ पडली.

"मामा, काहीच न्हाई वो." मग तिला कोपऱ्यातली गाठ दिसली. "हिच्यात?"

"हात लावू नको तिला!" धुळाजी असा खेकसला की पोरगी दचकून मागं सरली.

त्या गाठीत एकच दिवस होता. अंगद लहान असताना दुष्काळात मेंढरं घेऊन ते शहागडला, गोदावरीच्या काठी उतरले होते. त्याची धाकटी बहीण चांगुणा तापानं फणफणली. सकाळी ताप जरा उतरला, पोरगी हसली, घोंगडी पांघरून बसलेल्या आईकडून तिनं वेणी घालून घेतली. मग दिवसभर नवराबायको एकाच घोंगडीत तिला मांडीवर घेऊन बसले. दिवस मावळताना ती गेली. ती वेळ कुणाच्याच वाट्याला येऊ नये म्हणून धुळाजीनं तिथंच गाठ मारली होती.

तो खाटेशी बसला. "आसरा, अंगद निघालाय. पण रवा संपला. नुसती ती गाठ हाये."

तिनं डोळे उघडले. "मंग सोडा की."

"अगं, काय दिवस हाये तो! माझ्याच्यानं न्हाई व्हायचं."

"आवं, तुमी संध्याकाळच धरून बसलाव. सकाळी होती की ती." तिला धाप लागली. "सोडा. जल्दी सोडा."

त्यानं गाठ सोडली. शेवटी उतरलेली वेळ वर असते, हे त्याला ठाऊक होतं. वरचे काळपट कण त्यानं नखानं उचलून डाव्या मुठीत धरले. उरलेला रवा तिच्या कपाळी लावला.

"मामा, ते का काढले? वेळ कमी पडल ना!"

"पडू दे. हे तिला न्हाई द्यायचे."

आसराबाईची धाप शांत झाली. बोटं हवेत हलू लागली, तीन पेड सोडवू लागली. "हालू नको गं, भवाने," ती हसून म्हणाली. इतक्या वर्षांत धुळाजीनं तिला असं हसताना पाहिलं नव्हतं. त्याला रडू आवरेना.

ऊन कलायच्या आत अंगद धावत आला. "आई!"

"आलास? कुठं गेल्तास हुंदडायला? बहिणीला घे जरा, वेणी ऱ्हायलीय तिची."

अंगदनं बापाकडं पाहिलं. धुळाजीनं मान हलवली. तेव्हा त्या मिशाळ, धुळीनं भरलेल्या माणसानं दोन्ही हात पुढं केले आणि रिकाम्या ओंजळीत बहीण घेतली.

"घेतली, आई."

"मान धर तिची."

"धरलीय बराबर."

आसराबाईला हायसं वाटलं. श्वास लांबत चालला. अंगद कासावीस झाला. "बा, तुमच्या मुठीत हायेत ना? लावा की! अजून जराशी थांबल."

"थांबल. पण कशात थांबल ते मला ठावं हाये."

वेणी घालता घालताच तिची बोटं थांबली. मोनिकानं हंबरडा फोडला.

धुळाजीनं मूठ उघडली, ते काळपट कण स्वतःच्या कपाळाला लावले आणि घोंगडी ओढून भिंतीशी बसला. अंगणात अजून लख्ख ऊन होतं. तो मात्र अंधारात चाचपडल्यासारखा आपल्या मांडीवर वाकला.

"चांगुणे," तो म्हणाला, "डोळे उघड गं. तुझ्या आईला निजू दे. मी हाये ना."