निर्मळमाईचे पांढरे किडे

लोखंडी सामानाच्या दुकानावरच्या माडीत सकाळी नऊलाच पाय ठेवायला जागा उरत नसे. जिन्याच्या पायऱ्यांवर, दाराच्या उंबऱ्यावर, खाली फुटपाथवर, जिकडे बघावं तिकडे दुपट्यात गुंडाळलेली तान्ही बाळं. कुणाच्या गालावर लाल चट्टे, कुणाच्या नाकावर पांढरे बारीक दाणे, कुणाच्या मानेत घामोळं. बाळं मजेत झोपलेली आणि आयांचे चेहरे मात्र काळवंडलेले.

आत गादीवर निर्मळमाई बसलेली असे. डोक्यापासून पायापर्यंत पांढरी. पुढ्यात काचेचा मोठा वाडगा, त्यात वाफाळतं पाणी.

"विष आहे हे, बायांनो, नऊ महिने साठलेलं विष," ती संथ सुरात म्हणायची. "डॉक्टरांच्या यंत्रात ते दिसायचं नाही. यंत्राला काच असते, दृष्टी नसते."

माना डोलायच्या. मग माई एखादं बाळ पालथं घ्यायची, त्याच्या पाठीवर आपला शुद्धीलेप लावायची, वर चिमूटभर पांढरी भुकटी टाकायची आणि अंगठ्याने घासू लागायची. चार-दोन मिनिटांत तिच्या अंगठ्याखालून पांढरे, तांदळाएवढे किडे बाहेर पडू लागायचे. काहींना काळी तोंडंसुद्धा असायची. ते वाडग्यात झटकले की गरम पाण्यात वळवळत खाली-वर व्हायचे. बघणाऱ्या बाया तोंडाला पदर लावायच्या, आणि तेवढ्याने माईवरचा विश्वास पक्का व्हायचा.

त्या मंगळवारी दाराशी चेपून उभ्या असलेल्यांत एक भट्टीवालाही होता. बेकरीत सोळा वर्षं पीठ मळून आणि भट्टी सांभाळून त्याला हे नाव पडलं होतं. घरचेही थट्टेने त्याला तसंच म्हणत. लग्नानंतर आठ वर्षांनी मुलगी झाली होती आणि ती आज पाच दिवसांची होती.

दोन दिवसांपूर्वी तिच्या छातीवर लाल चट्टे उठले होते. प्रत्येक चट्ट्याच्या मधोमध पिवळसर टिपका, जणू रात्रभर डासांनी फोडून काढलंय. सकाळी छातीवर, दुपारी पाठीवर, संध्याकाळी मांड्यांवर. प्रसूतीच्या वॉर्डातल्या सिस्टरांनी तिला उलटंपालटं करून बघितलं आणि दुपटं पुन्हा बांधलं.

"काही नाही. नवजात बाळांना होतं हे. ताप नाही, दूध ओढतेय, रडते जोरात. आपोआप जाईल."

"औषध?" भट्टीवाल्याच्या आईने विचारलं.

"काही नको, आजी. काही लावूही नका. फक्त दूध."

आजी घरी येईपर्यंत धुसफुसत होती. औषध न देणारा दवाखाना तिने जन्मात पाहिला नव्हता. शेजारणीने निर्मळमाईचं नाव काढायचा अवकाश, आजीने सुनेला आणि नातीला रिक्षात घातलं. भट्टीवाला मागोमाग आला. त्याला हे पटत नव्हतं, पण नाही म्हणण्याइतकी खात्रीही नव्हती.

आणि मग त्याने आपल्या डोळ्यांनी पाहिलं. त्याच्या मुलीच्या कोवळ्या पाठीतून किडे निघत होते. माईने ते वाडग्यात झटकले, वाडगा त्याच्या नाकाशी धरला आणि म्हणाली, "बघ बाळा, नीट बघ. आईच्या दुधातून उतरलंय हे. दूध आजपासून बंद. माझं भारलेलं पाणी चमच्याने पाजायचं. तीन बैठका होऊ देत, एक किडा उरणार नाही."

त्याच्या बायकोने मान खाली घातली. सगळी माडी तिच्याकडे बघत होती.

घरी आल्यावर त्याच्या हातून एक गोष्ट होईना. त्याला मुलीला घेववेना. बायकोने दोनदा तिला पुढे केली. एकदा तो म्हणाला, हाताला भट्टीचा वास आहे; दुसऱ्यांदा म्हणाला, शिंक येतेय. ताटावर बसला तर घास फिरू लागला. डोळे मिटले की ती पाठ दिसे आणि त्या पाठीतलं ते पांढरं काहीतरी. स्वतःच्या मुलीची किळस यावी याची त्याला शरम वाटत होती. पण शरम वाटून किळस थोडीच जाते.

मोरीच्या कट्ट्याशी बसून बायको दूध पिळून टाकत होती. तो दाराशी थबकला तेव्हा ती मागे न बघता म्हणाली, "माझ्या अंगात एवढं विष असतं, तर मी कशी अजून धडधाकट आहे हो?"

तो आत जाऊन पडला.

दुसऱ्या दिवशी दुपारी तीनला बेकरीतली पाळी संपली. पीठ मळणाऱ्यांचे हात नुसत्या पाण्याने साफ होत नाहीत. चिकट पीठ पाण्याने आणखीच बसतं. त्यासाठी हातावर कोरडा मैदा टाकून चोळायचं. भट्टीवाल्याने सोळा वर्षं हेच केलं होतं, न बघता. त्या दिवशी त्याने बघितलं.

तळव्यांच्या मधून पांढऱ्या, बारीक, दोन्ही टोकांना निमुळत्या वळ्या गळत होत्या. खाली उलथनी भिजवायला ठेवलेल्या कढत पाण्याच्या टोपात त्या पडल्या, वाफेबरोबर वर आल्या, वळल्या, पुन्हा खाली गेल्या. वळवळत होत्या.

मग नळावर वाकून त्याने भडाभडा ओकून टाकलं. पोटात सकाळपासून काही नव्हतंच. किळस तीच होती, पण ती आता पोरीची नव्हती. एका बाईने त्याच्याच रोजच्या कामातली चिकट घाण त्याच्या पोरीच्या पाठीवर फासली होती आणि त्याने, सोळा वर्षं पीठ मळणाऱ्याने, ती ओळखली नव्हती.

कागदात पिठाचा गोळा आणि मूठभर मैदा बांधून तो घराकडे पळाला.

मुलगी खाटेवर निपचित होती. ओठ सुकलेले, टाळू आत गेलेली. सकाळपासून लंगोट ओला झाला नव्हता.

"रडतसुद्धा नाही," बायको म्हणाली. तिचा आवाज बसला होता.

"विष उतरलं की बाळ शांत होतं, असं माई म्हणाल्या," आजी पुटपुटली, पण तिचाही सूर पडलेला होता.

"आई, हात पुढे कर."

"कशाला?"

"कर म्हणतो ना."

त्याने आजीच्या मनगटावर पातळ केलेलं पीठ लावलं, वर मैदा टाकला आणि अंगठ्याने घासलं. किडे पडू लागले. आजीने हात मागे ओढला.

"म्हणजे माझ्याही अंगात..."

"थांब." त्याने तेच पीठ लाकडी टेबलावर लावलं, तसंच घासलं. टेबलातूनही किडे निघाले, आजीच्या हातातल्यापेक्षा जास्तच.

आजी टेबलाकडे बघत राहिली. मग तिने सुनेच्या मांडीवर नात दिली आणि म्हणाली, "पाज आधी. आणि तू रिक्षा बघ."

मुलगी दूध ओढायचीही विसरली होती. दवाखान्यात डॉक्टरीणबाईंनी वजन केलं, टाळूवर बोट ठेवलं, टाचेतून रक्ताचा थेंब घेतला आणि विचारलं, "दूध कुणी बंद केलं?" आजीने माईच्या पाण्याची बाटली पुढे केली तेव्हा त्या म्हणाल्या, "नुसतं पाणी पाजून एवढं लहान बाळ मरू शकतं. आणखी एक दिवस गेला असता तर मी काही करू शकले असते की नाही, सांगता येत नाही."

शिरेतून सलाइन लागलं. आईचं दूध आधी वाटी-चमच्याने, मग अंगावर. दुसऱ्या दिवशी दुपारी मुलीने चादर चिंब केली, तेव्हा आजीने ती ओली चादर पदकासारखी वॉर्डभर मिरवली.

"आणि ते पुरळ?" भट्टीवाल्याने भीत भीत विचारलं.

"ते पुरळ तिच्या आजाराचं नव्हतंच कधी," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "पूर्ण दिवसांच्या कितीतरी बाळांना पहिल्या आठवड्यात होतं. का होतं ते आम्हालाही पक्कं ठाऊक नाही, पण आठ-पंधरा दिवसांत जातं हे ठाऊक आहे. नाकावरचे पांढरे दाणेही तसेच, आपोआप जातात. तुमच्या मुलीला आजारी पाडलं ते त्या पाण्याने."

तिसऱ्या बैठकीचा दिवस उजाडला. भट्टीवाला गेलाच, सोबत आजी आणि सुट्टीवर असलेल्या वॉर्डातल्या सिस्टर. माडी तशीच खचाखच. गर्दी आवरायला खालचे दुकानदारशेठ स्वतः उभे होते. डोक्यावर एक केस नाही आणि माईवर अपार भक्ती.

"शेठ, जरा डोकं पुढे करता?" भट्टीवाल्याने विचारलं.

शेठना नाही म्हणायला वेळच मिळाला नाही. पीठ, मैदा, अंगठा. शेठच्या चकचकीत टकलातून भराभर किडे गळून त्यांच्या सदऱ्यावर पडू लागले. मग भट्टीवाल्याने भिंतीला टेकलेल्या एका लोखंडी पाइपातूनही किडे काढून दाखवले.

"या पाइपाला कुणाचं दूध बाधलं, माई?"

माईचा सूर ढळला नाही. "अश्रद्धेच्या वाऱ्याने शक्ती निघून जाते."

"शक्ती गेली, पीठ इथेच राहिलंय की," आजी म्हणाली. मागून कुणीतरी फिस्सकन हसलं. आजीने माईचा अंगठा धरून सगळ्यांपुढे उलटा केला. नखाखाली कोळशाची पूड होती. किड्यांची काळी तोंडं तिथून येत होती.

पण एक बाई उठून म्हणाली, "माझ्या बाळाचं पुरळ गेलं ना इथे येऊन? ते खोटं का?"

"खरंच गेलं," सिस्टर शांतपणे म्हणाल्या. "गेल्या आठवड्यात वॉर्डात नऊ बाळं होती. चौघांना हेच पुरळ. एक इथे आलं, बाकीची तिघं घरी दूध पीत राहिली. तिघांचंही गेलं. पण काहीच न करता बरं झालं, हे सांगायला कोण माडी भरवतं?"

बाई खाली बसली. बराच वेळ तिने बाळाचं अंगडं चाचपलं, मग हळूच उघडलं. पाठ घासून घासून सोलवटली होती, दोन ठिकाणी पू धरलेला. वास येत होता. "हे किड्यांचं बीळ आहे म्हणाल्या," ती पुटपुटली. सिस्टरांनी ते बाळ उचललं आणि तिला घेऊन थेट दवाखान्याची वाट धरली.

त्यांच्या मागोमाग बरीच माडी रिकामी झाली. सगळी नाही. पाच-सहा जणी बसून राहिल्या, आणि माईने पुढचं बाळ पालथं घेतलं. सोलवटलेल्या पाठीची तक्रार पोलिसांत गेली तेव्हाच ती गाव सोडून गेली. दुसरीकडे कुठेतरी गादी मांडून बसली असेल.

मुलीची पाठ दहाव्या दिवशी स्वच्छ झाली. त्या दुपारी भट्टीवाल्याने बायकोला सांगून टाकलं, "मला हिची किळस आली होती."

"माहीत आहे मला," ती म्हणाली. दोन दिवस मोजकंच बोलली, आणि त्याने तो राग निमूट सोसला.

आता रविवारी तो सिस्टरांच्या परवानगीने वॉर्डात जातो आणि नव्या बापांशी बोलतो. भाषण त्याला येत नाही. तो एवढंच सांगतो:

"बाळाच्या अंगावर काही दिसलं तर घाबरा, चालेल. पण विचारायचं ते शिकलेल्या माणसाला. ताप असेल, बाळ दूध ओढत नसेल, मलूल असेल, फोडात पाणी किंवा पू असेल, तर लगेच दवाखाना. यातलं काही नसेल, तरी एकदा दाखवा आणि डॉक्टर 'औषध नको' म्हणाले तर रागावू नका. तो त्यांचा आळस नसतो, ज्ञान असतं. कुणी चमत्कार दाखवला, तर तोच चमत्कार टेबलावर करून मागा. आणि जो कुणी आईचं दूध विष आहे म्हणेल, त्याच्या दारातून बाळ घेऊन ताबडतोब बाहेर पडा. मी पडलो नव्हतो."