न बुडालेल्या नौकेवरचा माणूस

रविवारी सकाळी अकरा वाजता आष्ट्याच्या वाचनालयात राजेश्वरीच्या कादंबरीचं प्रकाशन तिच्या वडिलांनीच थांबवलं.

एकाहत्तरच्या युद्धात बुडालेली एक नौका या कादंबरीत बुडत नाही. शत्रूचा टॉर्पेडो चुकतो आणि खलाशी घरी परततात. त्यांत राजेश्वरीचे थोरले चुलते हंबीररावही आहेत, खऱ्या नावानिशी. प्रत्यक्षात त्यांचा मृतदेहही मिळाला नव्हता. गावच्या कमानीवर त्यांचं नाव आहे.

"तू त्याला घरी आणलंस, ऊस लावाय लावलास," वडील, माजी सुभेदार विलासराव म्हणाले. "मग कमानीवरचा शहीद कोण गं?"

"आबा, कादंबरी हाय ती."

"पर नाव खरं हाय. वैनीला इचारलंस का?"

हंबीररावांच्या पत्नी साळूबाई पहिल्या रांगेत बसल्या होत्या. त्यांनी नवरा घरी येतो तेवढं पान वाचायला लावलं. राजेश्वरीने वाचलं. हंबीरराव ट्रंक घेऊन दारात येतात, बूट काढतात आणि आत जातात.

"तसंच?" साळूबाईंनी विचारलं. "भाकरतुकडा न ओवाळता? मी कुठं हुते तवा?"

विलासराव खाली बसले.

दुसऱ्या दिवशी राजेश्वरीने तो परिच्छेद नव्याने लिहिला. त्यात साळूबाई उंबऱ्यावर येतात, भाकरतुकडा ओवाळून टाकतात आणि नवऱ्याच्या पायांवर पाणी घालतात. छापील प्रती अजून गठ्ठ्यांतच आहेत. काल संध्याकाळी साळूबाईंनी नवा परिच्छेद पुन्हा वाचून घेतला. कादंबरीत हंबीररावांचं खरं नाव ठेवायचं की काढायचं, हे त्यांनी अजून सांगितलेलं नाही.