यादीत नसलेली फाइल

गंधार जाऊन वर्ष झालं होतं. त्याचा जुना व्हिडिओ गेमचा डबा तर त्याच्याही आधी बंद पडलेला, पण त्यातलं मेमरी कार्ड ऋजुतानं जिवापाड जपलं होतं, कारण भावाबहिणीचा अर्धवट राहिलेला खेळ त्यात होता. गंधारनं खेळात आपल्याला कुठं सोडलंय तेवढं एकदा पाहावं, एवढीच तिची आस.

लॅपटॉपवर असा खेळ चालवायचा तर त्या यंत्राची बायोस फाइल लागते. जागं होताना यंत्र आधी तीच वाचतं. जपानची, अमेरिकेची, युरोपची अशा तीन फाइली ऋजुतानं मिळवल्या आणि बँकेत सह्या पडताळाव्यात तसा प्रत्येकीचा लांबलचक ओळख-आकडा नेटवरच्या अस्सल फाइलींच्या यादीशी ताडून पाहिला. तिन्ही अस्सल निघाल्या, पण तिन्हींवर कार्ड मेलं रिकामंच दिसे. चौथी फाइल जॉर्ज टाउनच्या बाजारातल्या दुरुस्तीवाल्या मानाजींनी गंधारच्या बंद डब्यातूनच काढून दिली होती, आणि तिचा आकडा कुठल्याच यादीत नव्हता.

"जुळत नाही ती घालू नका, अक्का," ते म्हणाले होते.

पण ऐकेल ती ऋजुता कसली. तिनं तीच निवडली, आणि कार्ड उघडलं. पुलाच्या टोकाशी गंधारचा निळा गडी उभा होता. पुढं धावायचं आणि पुलापाशी हिच्यासाठी थांबायचं, ही दादाची लहानपणापासूनची खोड. खेळलेला वेळ: एकेचाळीस तास. ऋजुता पोटभर रडली, लॅपटॉप बंद केला आणि मेट्रो गाठून बँकेत कामावर गेली.

दुसऱ्या दिवशी त्याच वेळेला पाहिलं, तर पासष्ट तास. फाइलच खराब, घड्याळ चुकत असेल, अशी तिनं मनाची समजूत घातली. तिसऱ्या दिवशी एकोणनव्वद. लॅपटॉप तर बंद होता, वायरही काढलेली. दादा तिथं रात्रंदिवस डोळ्याला डोळा न लावता उभा होता, आणि त्याला उभं करणारी आपणच.

रविवारी दुपारी तिनं मनावर दगड ठेवला आणि खेळ पुसायचं बटण दाबलं. नक्की पुसायचं का, पडद्यानं विचारलं. तिनं बाणाची खूण 'येस'वर नेली.

"दादा, पुरे आता. जा तू."

डोळे टिपायला तिनं कंट्रोलर टेबलावर ठेवला.

खूण सावकाश 'नो'वर गेली, आणि तिथंच थांबून राहिली.