मागचं दार, पुढचं दार

उदगीरच्या शाळेजवळचं देशी दारूचं दुकान गुरम्माच्या नावावर होतं. नवरा गेल्यावर परवाना तिच्याकडं आला. ती स्वतः त्या दुकानात कधी बसली नाही. सकाळी लिंगपूजा, मग दिवसभर घर. दुकान मुलगा महांतेश बघायचा. पण कोर्टाच्या कागदावर नाव तिचंच होतं.

दुकान तिथून हलवावं, असा तिच्याविरुद्ध अर्ज होता सरजाबाईचा. सरजाबाई त्याच शाळेत पोरांची खिचडी शिजवायची, आणि श्रीमंत नावाचा तिचा नवरा दुकानाच्या पायरीवर त्याच पोरांसमोर पडलेला असायचा. शाळेपासून दुकानाचं अंतर नियमात बसतं म्हणून जिल्ह्यात अर्ज फेटाळला गेला. मग प्रकरण संभाजीनगरला खंडपीठात गेलं.

वकील सांगायचे, तुम्ही येऊ नका. तरी सरजाबाई जायची. आपण दिसलो नाही तर पुढची तारीख पडेल, असं तिला वाटायचं. ती गेली तरी पुढचीच पडायची. महांतेश आईला पाठवायचा. एसटी एकच. पहिल्या तारखांना दोघी लांब लांब बसल्या. चौथ्या खेपेला लातूरच्या स्टँडवर सरजाबाईला चक्कर आली, तेव्हा गुरम्मानंच तिला धरून बसवलं, आपल्या डब्यातली भाकरी दिली. तिथून पुढं त्या शेजारी बसू लागल्या. खटल्याचं मात्र बोलत नसत.

सातव्या तारखेहून परतताना सरजाबाईनं विचारलंच, "अक्का, तुमी बंद का करत न्हाई?"

"मी सोडलं तर पोरगा आपल्या नावावर करून घेईल अन् तिथंच चालवील. माझं कोन ऐकतंय घरात?"

पुढच्या तारखेला कोर्टानं दोघींसमोर नव्यानं मोजणी करायला सांगितलं. दारूच्या परवान्याच्या खात्याचे साहेब टेप घेऊन आले. पहिल्या मोजणीत महांतेशनं शाळेपासून लांब पडणारं मागचं दार गिऱ्हाइकाचं म्हणून दाखवलं होतं. साहेबांनी गुरम्माला विचारलं, गिऱ्हाईक कुठून येतं?

महांतेश आईकडं रोखून बघत होता. "पुढून," गुरम्मा म्हणाली. "मागचं दार गोदामाचं हाय."

पुढच्या दारापासून अंतर नियमापेक्षा सहा मीटर कमी भरलं. दोन महिन्यांनी दुकान हलवायचा हुकूम झाला. महांतेशनं ते बायपासला नेलं आणि आईशी बोलणं टाकलं.

दिवाळीनंतर सरजाबाई गुरम्माच्या घरी गेली. गुरम्मा वाळली होती. शाळेपुढं आता पोरं मोकळी खेळतात, असं सरजाबाईनं सांगितलं.

"अन् मालक?"

"ऑटोनं जात्यात आता. बायपासला."

गुरम्मानं मान हलवली. सून आतून चहा ठेवून गेली, सासूकडं न बघता. दोघी चहा प्याल्या. खिचडीची वेळ झाली तशी सरजाबाई गुडघ्यावर हात टेकून उठली.