माझ्या फाटक्या भात्याचा सिनेमा

मी पेटी बोलतेय. फुसफुसतेय म्हणा हवं तर, कारण माझ्या भात्याला एक चीर आहे आणि सूर निघण्याआधी तिच्यातून उसासा निघतो. या उसाशावर एका जपानी संगीतकाराचं सगळं अडलं होतं, म्हणून जरा ऐटीतच सांगते.

माझा जन्म मिरजेचा. ऊर्मिलाने मला विमानातून हॅम्बर्गला आणलं. सामानाचं वजन जास्त भरलं, तेव्हा तिने सासूबाईंनी दिलेलं पुरणयंत्र मागे ठेवलं. सासूबाई हे अजून विसरलेल्या नाहीत. चीर मात्र तिच्या नवऱ्याची, जयंतची देणगी. हा सॉफ्टवेअरवाला माणूस गणपतीच्या आरतीला सायकलमध्ये हवा भरावी तसा भाता मारतो.

खालच्या मजल्यावर इवामीसान राहतात. वय अडुसष्ट, काम सिनेमांना संगीत देण्याचं. गेल्या गणपतीत आवाजाची तक्रार करायला म्हणून वर आले, आणि दोन मोदक खाऊन, वाकून आभार मानून परत गेले. तक्रार राहूनच गेली. जाता जाता माझा उसासा मात्र त्यांनी बरोबर टिपला, कारण दुसऱ्याच दिवशी ते मला मागायला आले.

मग महिनाभर मी त्यांच्याकडे होते. पेटीपाशी माणसं बरंच बोलतात, तेही बोलले. टोकियोत निर्माता म्हणाला, राक्षस आला की ढोल वाढवा, यांनी वाढवले. प्रेतयात्रेला उडती चाल द्या, दिली. जर्मनीत आल्यावर बासरी काढा, गिटार घाला, शेवटी दोन्ही काढा. 'नाही' म्हणणं या माणसाला जमलंच नाही. एकेचाळीस सिनेमे झाले, आणि स्वतःच्या मनासारखं एक मिनिट नाही! मला फार वाईट वाटलं.

बेचाळिसावा सिनेमा बंदरातल्या एका म्हाताऱ्या फेरीबोट-चालकाचा होता. बहुधा शेवटचाच, कारण कामं येणं थांबलं होतं. त्याच्या अखेरच्या फेरीसाठी इवामीसाननी आधी माझा उसासा आणि मग एकच लांब सूर, असं एक मिनिट रचलं. वाजवताना त्यांचे डोळे भरून आले. मीही मन लावून फुसफुसले.

रेकॉर्डिंगच्या आदल्या दिवशी जयंत मला वर घेऊन आला.

"फाटकी वस्तू कशी द्यायची गं लोकांना? आपली काही इज्जत आहे की नाही?"

"अरे, पण त्यांना विचारलंस का?" ऊर्मिला म्हणाली.

"विचारायचं काय त्यात? सरप्राइज! बाउमार्क्टमधून लेदर आणलंय, ग्लू आणलाय, आल्झो, थोडक्यात, अर्ध्या तासाचं काम."

मी ओरडणार कशी? त्याने माझं तोंडच बंद केलं. सकाळी माझा आवाज शाळेतल्या कडक बाईंसारखा स्वच्छ झाला होता.

जयंत रजा टाकून मला स्वतः स्टुडिओत घेऊन गेला. इवामीसाननी भाता ओढला. उसासा नाही. त्यांचा चेहरा उतरला. तरी ते उठले, जयंतपुढे वाकले आणि म्हणाले, "फार छान केलंत." मला त्यांच्या बोटावर झाकण आपटावंसं वाटलं.

त्यांनी वाजवलं. काचेपलीकडून दिग्दर्शकबाई खूश. "गेनाऊ, अगदी बरोबर! एकदम क्लीन! हेच ठेवू या, पुढचा सीन घ्या."

इवामीसान उठले नाहीत. बोटं पट्ट्यांवर तशीच होती.

"नाइन," ते म्हणाले. मग जरा मोठ्याने, "नाही. हे चांगलं नाही झालं. जयंत, तुम्ही हिला बिघडवलंत."

सगळ्यांत जास्त घाबरले ते स्वतःच. त्यांनी तोंडावर हात ठेवला. जयंत लालबुंद झाला. मला वाटलं, आता हा मला उचलून घरी नेतो.

त्याने खिशातून किल्ली काढली, माझ्यापाशी खाली बसला आणि विचारलं, "सॉरी, इवामीसान. किती फाडू?"

मी आता पुन्हा ऊर्मिलाच्या हॉलमध्ये आहे, चांगली बोटभर फाटकी. खालच्या मजल्यावरून अधूनमधून फोनवर 'नाइन' ऐकू येतं. म्हाताऱ्याला चटकच लागलीय. या हिवाळ्यात सिनेमा लागेल. श्रेयनामावलीत माझं नाव शोधू नका, नाहीये. फेरीबोट धक्क्यावरून सुटेल, कुणीतरी श्वास घेतल्यासारखं वाटेल. ते एक मिनिट इवामीसानचं आहे. तेवढा वेळ खोकू नका, एवढीच विनंती.