समुद्रात उभी असलेली आई

मित्रांनो, मी या घराबाहेर कधी पाऊल टाकले नाही, तरी डोंगर, पूल आणि समुद्र सगळे माझ्या अंगावर आहेत. मी एक जुना पडदा आहे.

जुन्या चादरी एकमेकींना जोडून आईने मला शिवले. दुकानांच्या पाट्या रंगवणाऱ्या मावशीने माझ्यावर अख्खा प्रवास रंगवला. तिला प्रवासाच्या मजेवर लघुपट करायचा होता. खोक्याची आगगाडी जागची हलणार नव्हती; तिच्या खिडकीमागून मीच धावणार होतो! माझी टोके दोन उभ्या दांड्यांना गुंडाळली होती. आजोबा हँडल फिरवत आणि मी एका दांडीवरून दुसरीवर जाई. खिडकीशी आईची लेक बबडी बसे. आई मागे लपून मला ताणून धरी.

चित्रीकरणाच्या दिवशी घरात नुसती धांदल! उसना कॅमेरा संध्याकाळी परत द्यायचा होता, आणि सरावातच माझी एक शिवण उसवू लागली.

"टाका घालू का?" आईने विचारले.

"उजेड जाईल गं ताई! बाबा, हळू फिरवा. हा फाटला तर माझा सिनेमा संपला."

"आगगाडी चालवायचीय की पाळणा हलवायचाय?" आजोबा कुरकुरले, पण हात हळू झाला.

डोंगर गेले. पूल गेला. समुद्र आला आणि टर्रकन शिवण सुटली! लाटांच्या मधोमध साक्षात आई, तोंडात कपड्यांचा चिमटा! मी शरमेने अर्धा झालो.

"अगं आई, तू समुद्रात काय करतेस?" बबडी ओरडली.

आईने चिमटा काढला. "पोहतेय! तू हो पुढे!"

"थांबू नका बाबा, फिरवा!" मावशी हसत किंचाळली.

पुढची चादर आली, आई दिसेनाशी झाली, आणि बबडी कितीतरी वेळ मागे वळून हात हलवत राहिली.

लघुपट पाहताना नेमके इथेच लोकांनी घर डोक्यावर घेतले. मग आईने ती शिवण पुन्हा शिवलीच नाही. तिथे बटणे लावली!

हल्ली मी माळ्यावर घडी होऊन पडलो आहे. घडीवर रंगाला भेगा पडतात, मित्रांनो. मला सैल गुंडाळा, कोरड्या जागी ठेवा. आणि अधूनमधून खाली काढून हँडल फिरवा. समुद्र आला की बटणे उघडा. पलीकडे कोण पोहत असेल, काही सांगता येत नाही!