एकाच तक्त्याचे सात आरसे

सातव्या आरशातही तो मेला, आणि दर्पणनिरीक्षकाने पेनाचं टोपण काढलं.

"सातही जगांत तेच," तो म्हणाला, दुकानदाराने वजन सांगावं अशा आवाजात. "म्हणजे यंत्राचा दोष नाही. शेरा, अटळ. उद्यापासून यंत्र सुरू करायला हरकत नाही."

उद्यापासून त्या यंत्रावर पारेवालीची धाकटी नणंद उभी राहणार होती. पुठ्ठ्याच्या कारखान्यातले ते दोन जाडजूड रूळ, आणि त्यांच्यापुढे जाळी नाही. पारेवालीचा नवरा नणंदेसारखाच तिथे कामाला होता; घरी आला की त्या यंत्राला 'तुझी सवत' म्हणायचा, तिला डिवचायला. सहा महिन्यांपूर्वी रुळांनी त्याची अस्तनी धरली आणि ते अस्तनीवर थांबले नाहीत. जाळी बसवा, एवढंच तिचं मागणं होतं. पण 'अटळ' हा शब्द एकदा कागदावर उमटला की मागणंच निकालात निघत होतं. जे टळणारच नाही, त्याला जाळी कशाला?

तिला सगळे पारेवाली म्हणत. वीस वर्षं ती आरशांना पारा चढवत आली होती, साध्या आणि दर्पणखात्याच्या खास आरशांनाही. त्या विद्येचे नियम तिच्या बोटांना पाठ होते. मेलेल्याच्या कपड्याचा धागा जाळून पाऱ्यात मिसळायचा. असा आरसा उघडला की त्या माणसाच्या शेवटच्या क्षणी दुसऱ्या जगात काय घडलं, ते एकदाच दाखवतो आणि कायमचा काळा पडतो. कुठलं जग, ते काच ठरवते. भट्टीच्या एका खेपेतली काच एकाच जगाकडे उघडते. म्हणून आरसे सात, आणि सात निराळ्या खेपांचे. त्यांतल्या एकातही माणूस वाचला, तर 'अटळ' लिहिता येत नाही.

ओळख पटवण्यासाठी तिला सातही वेळा समोर उभं केलं होतं. पहिल्या दोन वेळा तिने पाहिलं. तिसऱ्या वेळी डोळ्यांनीच नकार दिला. ते त्याच्या हातावरून निसटले आणि काचेवर येऊन टेकले, नुसत्या काचेवर, जिथे त्यांचं सारं आयुष्य गेलं होतं. तिथे केसाएवढी लहर होती, वितळताना राहून गेलेली, डावीकडून वर चढणारी. चौथ्या आरशात ती आणखी वर होती. पाचव्यात त्याहून वर.

आता सातही काळे आरसे भिंतीशी ओळीने उभे होते. लहर एकाच्या कडेला तुटत होती आणि पुढच्याच्या कडेला नेमकी त्याच उंचीवर सुरू होत होती, फाटलेल्या पत्राचे तुकडे जुळावेत तशी.

ती निरीक्षकाकडे वळली.

"साहेब, टोपण लावा पेनाला."

"काय?"

"हे सात आरसे नाहीत. काचेचा एकच तक्ता आहे, कापून सात केलेला. माझा नवरा सात जगांत मेलेला नाही दाखवलात तुम्ही. एकाच जगातलं मरण सात वेळा बघायला लावलंत मला."

"बाई, दुःखात माणसाला काहीही दिसतं."

"दुःखात नाही, धंद्यात दिसतं. पारा मी चढवते, काच मला शिकवू नका. या, इथे बघा. कारखान्यानेच पुरवलेत ना हे?"

कोपऱ्यातली लेखनिक बाई टंकयंत्रावरून उठली, वाकून बघून आली. "रेघ आहे, साहेब," ती हळूच म्हणाली.

"असेल. हरकत नोंदवा. फेरतपासणीला नऊ महिने लागतात. तोवर शेरा कायम." आणि त्याने शब्द लिहून टाकला.

"नऊ महिने!" नणंद बाकावरून उसळली. "मग माझे हात आजच मोजून घ्या, साहेब. नंतर हिशेबाचा घोळ नको."

पारेवालीने पिशवीतून फडक्यात गुंडाळलेला, वीतभर आरसा काढला. दुसऱ्या भट्टीची काच. पाऱ्यात त्याच्या सदऱ्याचा उरलेला शेवटचा धागा. सहा महिने तो कपाटात न उघडता पडून होता. घरात कुणी नसताना, कधीतरी, ती तो एकटीच बघणार होती. त्यातही तो मेलेला निघाला असता कदाचित, कदाचित नसता. त्या 'कदाचित'ला धरून ती रोज सकाळी उठत होती. आज निघताना तो घरी ठेवायला तिचा जीव झाला नव्हता.

"हा आठवा. आत्ता बघा. नियमात बसतं."

निरीक्षकाने नाइलाजाने नियमपुस्तक चाळलं. "बसतं. पण अर्जदाराने आणलेला आरसा अर्जदाराने पाहायचा नाही. आशेने प्रतिमा हलते. तुम्ही मागून धरायचा."

"असं? आणि मरण सात वेळा दाखवलंत, तेव्हा नाही आडवी आली माझी आशा?"

नणंदेने तिचा दंड धरला. "वहिनी, राहू दे. एवढाच उरलाय तो तुझ्याकडे. मी नोकरी सोडते."

"तू सोडशील. मग तिथे दुसरी कुणी उभी राहील."

तिने आरसा छातीशी धरला, तोंड त्यांच्याकडे. तिच्या वाट्याला पाठीवरचं तांबडं रोगण आणि त्यातले स्वतःच्याच कुंचल्याचे फराटे. तिने फडकं ओढलं.

लेखनिकेचा हात तोंडाशी गेला. निरीक्षक पापणी न लवता बघत राहिला.

"बोला ना कुणीतरी!"

"चित्र जरा अस्पष्ट..." निरीक्षकाने सुरुवात केली.

"अस्पष्ट कसलं डोंबलाचं!" नणंद ओरडली. "जाळी आहे, वहिनी! नुसतं अस्तनीचं टोक गेलं आत. ओढून काढलं बघ त्याने. टरकन फाटलीय. उभा आहे गं तो. बोलतोय."

आरशाला आवाज नसतो. पण कारखान्याच्या खडखडाटात दिवस काढणाऱ्यांना ओठ वाचता येतात.

"काय बोलतोय?"

नणंद हसत होती की रडत, तिचं तिलाच कळत नव्हतं. "शिव्या घालतोय यंत्राला. 'सवतीनं सदरा खाल्ला,' म्हणतोय. 'आता घरी काय तोंड दाखवू?'"

मग नणंदेचा चेहरा विझला, आणि आरसा काळा पडल्याचं पारेवालीला कळलं.

निरीक्षकाने 'अटळ'वर एक तिरपी रेघ ओढली. खालचा शब्द स्वच्छ वाचता येत होता.

"अजून खोडा," ती म्हणाली. "वाचता येता कामा नये. आणि बाई, तो बोलला ते नोंदीत घ्या."

"नोंदीत शिव्या घेता येत नाहीत," निरीक्षक म्हणाला.

"सात वेळा खोटं घेता आलं. आता खरं घ्या. शब्दन्‌शब्द."

लेखनिकेने साहेबांकडे पाहिलं नाही. नवा कागद चढवला, "सवतीनं," असं पुटपुटली आणि टंकू लागली. पारेवाली अजून तशीच उभी होती, आरशाचं तोंड त्यांच्याकडे करून.